कागद असताना माती कशाला उकरायची?

ओसरी

गेल्या दिवाळीत पुण्याला आले होते तेव्हा मोठ्या काकांनी विचारलं, "तू तिकडे शनिवारी नेमकं करतेस काय?" मी सांगितलं, अमेरिकेत आमच्या काउंटीच्या, म्हणजे जिल्ह्याच्या, पुरातत्त्व प्रयोगशाळेत जाते. सतराव्या-अठराव्या शतकातली खापरं धुते, वाळवते, त्यांच्यावर बारीक अक्षरात नंबर घालते. काकांचं वाचन दांडगं. ते म्हणाले, "मोहेंजोदडो खणलं ते समजतं, तिथली लिपीच वाचता येत नाही. पण तीनशे वर्षांपूर्वीचे कागद असतील ना तुमच्याकडे? कागद असताना माती कशाला उकरायची?"

तेव्हा मला धड उत्तर देता आलं नाही. म्हणून या मंचावर हा धागा काढून सविस्तर लिहिते. मी प्राध्यापक नाही, सात वर्षं या कामात असलेली स्वयंसेवक आहे. जाणकारांनी भर घालावी.

आम्ही व्हर्जिनिया राज्यात राहतो. घरापासून तासाभरावर जेम्सटाउन आहे. १६०७ च्या मे महिन्यात शंभरएक इंग्रज पुरुष आणि पोरं इथे उतरली आणि त्यांनी नदीकाठी लाकडी खांबांची त्रिकोणी गढी उभी केली. उत्तर अमेरिकेत तगून राहिलेली ही इंग्रजांची पहिली वसाहत. तिच्याबद्दल कागद भरपूर आहेत, पत्रं आहेत, वृत्तान्त आहेत. आणि एवढे कागद असूनही पिढ्यान् पिढ्या सगळे हेच धरून चालले होते की गढीची जागा जेम्स नदीने गिळली.

१९९४ साली पुरातत्त्वज्ञ विल्यम केल्सो यांनी तिथे खणायला घेतलं. विल्यम स्ट्रेची नावाच्या माणसाने १६१० च्या सुमारास गढीची मापं लिहून ठेवली होती: नदीकडची बाजू १४० यार्ड, उरलेल्या दोन शंभर-शंभर यार्ड. केल्सो तो मजकूर हाताशी ठेवून जमीन वाचत होते. लाकूड काही मिळालं नाही, ते कधीच कुजलं. मिळाले ते डाग. खांब कुजतो त्या जागी काळपट मऊ माती भरते, भोवतीची पिवळी माती तशीच राहते. वरचा थर गवंड्याच्या थापीने हलक्या हाताने खरवडला की एका ओळीत गोल काळे ठसे उमटतात. अशा ठशांच्या दोन ओळी कुठल्या कोनात मिळतात ते पाहिलं आणि स्ट्रेचीच्या मापांशी ताडलं. गढी जवळजवळ सगळी कोरड्या जमिनीवरच होती! नदीने नेला होता तो एक कोपरा.

त्याच गढीतली दुसरी गोष्ट. १६०९-१० च्या हिवाळ्यात तिथे भीषण उपासमार झाली. सुमारे तीनशे माणसांतली साठेक वसंतापर्यंत जगली. जॉर्ज पर्सी हा तेव्हाचा प्रमुख. त्याने लिहून ठेवलंय की लोकांनी घोडे खाल्ले, मग कुत्री, मांजरं, उंदीर, बुटांचं कातडं आणि शेवटी माणसांची प्रेतं. पुष्कळ इतिहासकारांना हे तिखटमीठ वाटायचं. २०१२ मध्ये गढीतल्या एका तळघराच्या भरावात, घोड्या-कुत्र्यांच्या हाडांबरोबर एका मुलीच्या कवटीचे तुकडे मिळाले. स्मिथसोनियन संग्रहालयाच्या डग्लस औस्ली यांनी ते तपासले. वय चौदाच्या आसपास. कपाळावर चार उथळ घाव, म्हणजे पहिल्यांदा घाव घालणाऱ्याचा हात अडखळत होता. मग डोक्याच्या मागे खोल घाव, जबड्यावर सुरीचे ओरखडे. ती आधीच मेलेली होती. पुढचं मला लिहवत नाही.

काका म्हणतील, बघ, कागद खराच निघाला. निघाला. पण खरा की खोटा हे कागदाला कागदाने ठरवता आलं नव्हतं. आणि पर्सीच्या मजकुरात ही मुलगी नाही. तिचं नाव कुठल्याच यादीतून खात्रीने काढता येत नाही. "जेन" हे नाव अभ्यासकांनी दिलेलं.

आता मला या कामाला ज्याने बांधून ठेवलं ती वस्तू. पांढऱ्या मातीची विलायती चिलीम. तिची दांडी लांब आणि अतिशय ठिसूळ, त्यामुळे ती सतत मोडायची आणि तुकडे अंगणात फेकले जायचे. इथे कुठेही खणलं की खडूच्या कांड्यांसारखे हे तुकडे निघतात. पूर्वी ते निरुपयोगी समजत. जे. सी. हॅरिंग्टन १९३६ मध्ये जेम्सटाउनला आले, शिक्षणाने वास्तुविशारद. त्यांच्या लक्षात आलं की जुन्या दांडीचं भोक मोठं असतं, नव्या दांडीचं बारीक. दांड्या लांब होत गेल्या तशी भोकं आकसत गेली. १९५४ मध्ये त्यांनी कोष्टक छापलं, मापाचं एकक इंचाचा चौसष्टावा भाग: १६२० ते १६५० आठ, १६५० ते १६८० सात, मग सहा, १७१० ते १७५० पाच, १७५० नंतर चार.

मापायला महागडं यंत्र लागत नाही. ड्रिलच्या बिटांचा साधा संच. बिटाची गुळगुळीत मागची बाजू भोकात घालून पाहायची. सात नंबर घातला, जात नाही. सहा घातला, अलगद सरकला. लिहा सहा. पहिल्या दिवशी मी असे चाळीस तुकडे मोजले. एका तुकड्याच्या टोकाशी दातांनी झिजून खाच पडलेली होती. तो माणूस चिलीम तोंडाच्या एकाच बाजूला धरायचा आणि काम करत राहायचा, दोन्ही हात गुंतलेले. मी ती खाच अंगठ्याने चाचपली आणि त्या शनिवारपासून इथली झाले.

हॅरिंग्टन यांच्या आधी इथे खणायचे ते मुख्यतः पाया शोधायला, जुन्या इमारती पुन्हा उभारता याव्यात म्हणून. जेम्सटाउनजवळच्या विल्यम्सबर्ग गावी फावड्याच्या रुंदीचे तिरके चर मारत जायचे, वीट लागली की तिच्या कडेने वळायचं. मधली माती ढिगावर. त्या मातीतच घरात राहणारी माणसं होती. विल्यम्सबर्गलाच पुढे पुरातत्त्वज्ञ आयव्हर नोएल ह्यूम आले. त्यांचं काम फार मोठं, पण त्यांनीही पुरातत्त्वाला इतिहासाची दासी म्हटलं होतं. १९६७ मध्ये डॅलसला अशा पुरातत्त्वज्ञांनी स्वतःची संस्था काढली तेव्हा वाद हाच होता: आपण इतिहासकारांच्या तळटिपा भरायला आहोत, की आपले स्वतःचे प्रश्न आहेत?

माझं मत सरळ आहे. कागद आणि माती जुळतात तिथे बरं वाटतं. जुळत नाहीत तिथे खरं काम सुरू होतं.

---

खापर

उत्तम धागा. एक घोळ आधी सोडवू या, नाहीतर पुढे गोंधळ होईल. आपल्याकडे विद्यापीठात "ऐतिहासिक पुरातत्त्व" म्हणून जे शिकवतात ते वेगळं. आपली वाटणी प्रागैतिहासिक, आद्य-ऐतिहासिक आणि ऐतिहासिक. ऐतिहासिक म्हणजे साधारण इसवी सनापूर्वी सहाव्या शतकापासून पुढे: सातवाहन, तेर, पैठण, नेवासे. अमेरिकेत तोच शब्द कोलंबसानंतरच्या काळाला लावतात. ओसरीताई लिहितायत त्याला आपल्याकडे मध्ययुगीन किंवा वसाहतकालीन पुरातत्त्व म्हणावं लागेल आणि ते लेकरू आपल्याकडे बरंच दुर्लक्षित राहिलं.

अगदीच काम झालं नाही असं नाही. १९४५-४६ मध्ये सांकळिया आणि दीक्षित यांनी कोल्हापूरची ब्रह्मपुरी खणली तेव्हा सातवाहन आणि बहमनी अशा दोन्ही वस्त्या नोंदल्या. बडोद्याच्या र. ना. मेहतांनी १९६९ पासून चांपानेर खणलं, अख्खं मध्ययुगीन शहर. हंपीचं काम १९७०च्या दशकापासून चालू आहे. पण वृत्ती कशी होती ते सांगतो. मी विद्यार्थी असताना एका उत्खननावर होतो. वरच्या दोन फुटांत हुक्क्याची बुडं, काचेच्या बांगड्या, निळ्या नक्षीचे चिनी मातीचे तुकडे. सगळं एका पोत्यात. पोत्यावर चिठ्ठी "वरचा थर". आम्हाला घाई खाली सातवाहनांकडे जायची होती. ते पोतं पुढे कुणी उघडलं नाही. आज मी वर्गात शिकवतो तेव्हा ते पोतं डोळ्यांपुढे येतं, कारण त्यात आमच्याच आज्या-पणज्यांच्या आज्या होत्या.

---

मोडीवाचक

तुमच्या काकांची बाजू मी घेतो.

तीस वर्षं मोडी वाचतोय. रुमाल सोडायचा, धूळ झटकायची, एकेक बंद उलगडायचा. कागद फक्त राजेरजवाड्यांचं सांगतात हा समज चुकीचा आहे. पेशवे दफ्तरात कुंभाराचं भांडण आहे, महाराचा वतनाचा दावा आहे, विधवेची तक्रार आहे, गावोगावचे महजर, म्हणजे पंचांचे निवाडे, आहेत. इतिहासकार वि. का. राजवाड्यांपासून आमच्याकडे अस्सल कागदाला मान आहे तो उगाच नाही. कागदात गरीब माणूस नसतो असं म्हणतात. आमच्या कागदात कुणबिणीसुद्धा आहेत, म्हणजे विकत घेतलेल्या दासी. खरेदीच्या नोंदी आहेत, नाव, वय, किंमत. कुठल्या खापरावर एका बटकीचं नाव मिळेल मला दाखवा.

---

ओसरी

मोडीवाचक काका, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. मराठी कागदांची ही श्रीमंती इथल्या लोकांना सांगते तेव्हा त्यांना हेवा वाटतो. आणि कुणबिणींचं तुम्ही स्वतःच काढलंत, म्हणून तिथूनच उत्तर देते.

नाव, वय, किंमत. या तीन गोष्टी कुणाला हव्या होत्या? विकणाऱ्याला, घेणाऱ्याला, जकात वसूल करणाऱ्याला. तिला लहानपणी पोटभर मिळालं का, डोक्यावरून किती ओझं वाहिलं, हे विचारायचं कुणालाच कारण नव्हतं.

न्यू यॉर्कमध्ये १९९१ साली ब्रॉडवेवर सरकारी इमारतीचा पाया खणत होते. १७५५ च्या एका जुन्या नकाशावर तिथे आफ्रिकी लोकांची दफनभूमी दाखवलेली होती. म्हणजे कागदाला माहीत होतं. पण वर दोन शतकांचा भराव, पंचवीस फुटांपर्यंत. सगळे म्हणाले, खाली काही उरलं नसेल. थडग्यांमागून थडगी निघत गेली. काम घाईने चाललं होतं, यंत्राने काही थडग्यांची नासधूस झाली. शहरातले कृष्णवर्णीय लोक रस्त्यावर आले, आमचे पूर्वज आहेत, हात लावू नका म्हणाले. १९९२ मध्ये खोदकाम थांबलं. एकूण ४१९ जणांचे अवशेष वर आले होते.

ते अवशेष हॉवर्ड विद्यापीठात मायकल ब्लेकी यांच्या गटाकडे गेले. त्यांनी आधी वंशजांना विचारलं, तुम्हाला यांच्याकडून काय जाणून घ्यायचंय? प्रश्न ठरले: ही माणसं आली कुठून, जगली कशी, आफ्रिकेतून इथवर येताना काय बदलली, आणि त्यांनी प्रतिकार कसा केला. मग हाडं बोलू लागली. स्नायू जिथे हाडाला धरतात त्या जागा अति ताणाने जाड झालेल्या. मानेच्या आणि पाठीच्या मणक्यांवर ओझ्याच्या खुणा. दातांवर लहानपणीच्या उपासमारीच्या, आजारपणाच्या रेघा. एका बाईच्या कमरेभोवती शंभरावर मणी होते आणि तिचे पुढचे दात आफ्रिकी रीतीने घासून आकार दिलेले. न्यू यॉर्कमध्ये मेलेल्या त्या बाईने ती माळ कुणाच्या नजरेपासून कशी जपली असेल, मला राहून राहून वाटतं.

२००३ च्या ऑक्टोबरात त्या सगळ्यांना घानामध्ये कोरून घेतलेल्या पेट्यांतून परत तिथेच ठेवलं. आज तिथे राष्ट्रीय स्मारक आहे.

मातीही फसवते हे मी लपवणार नाही. एका शवपेटीच्या झाकणावर खिळ्यांनी काढलेला बदामी आकार होता. त्याला पश्चिम आफ्रिकेतलं "सांकोफा" चिन्ह मानलं गेलं, स्मारकावरही ते कोरलं. नंतर काहींनी दाखवलं की असा बदाम त्या काळच्या इंग्रजी शवपेट्यांवरही असायचा. वाद अजून मिटलेला नाही. व्हर्जिनिया आणि दक्षिण कॅरोलायनातल्या कच्च्या भाजणीच्या वाडग्यांचंही तसंच. नोएल ह्यूम यांनी ती मूलनिवासींची मानली, लीलंड फर्ग्युसन यांनी पुढे दाखवलं की त्यांतली पुष्कळ गुलामांनीच घडवलेली. तोच तुकडा, कुणाच्या हातचा म्हणायचा यावर सगळा इतिहास फिरतो.

तुम्ही म्हणता तसं खापरावर नाव मिळत नाही. खरंय. पण नाव कागदातून आणि पाठीचं दुखणं हाडातून, दोन्ही मिळून एक बाई उभी राहते.

---

मोडीवाचक

शेवटचं वाक्य पटलं. विचार करतो.

---

मांडवीकाठ

गोव्यातून लिहितोय. कागद आणि माती हातात हात घालून चालल्याचं आमच्याकडचं उदाहरण दिल्याशिवाय राहवत नाही.

जुन्या गोव्यात संत ऑगस्टीनच्या चर्चचा मोडका मनोरा सगळ्यांनी पाहिला असेल, ४६ मीटर उंच, जांभ्या दगडाचा. १८३५ मध्ये मठ ओस पडला, १८४२ मध्ये छत कोसळलं, १९३१ मध्ये दर्शनी भाग आणि मनोऱ्याचा अर्धा हिस्सा गेला. आम्ही लहानपणी तिथे जायचो तेव्हा झाडोऱ्यात नुसते ढिगारे होते.

जॉर्जिया देशाची राणी केतेवान. इराणच्या शाह अब्बासने तिला वर्षानुवर्षं कैदेत ठेवलं. धर्म सोडत नाही म्हणून १६२४ मध्ये शिराझला हालहाल करून मारलं. ऑगस्टिनियन पाद्र्यांनी तिचे अवशेष हलवले आणि त्यातले काही १६२७ मध्ये गोव्यात आणले. पोर्तुगीज कागदांत जागा अगदी नेमकी लिहिलेली: मठाच्या सभागृहालगतच्या प्रार्थनागृहात, दुसऱ्या खिडकीशी, दगडी पेटीत.

आता बघा अडचण. कागद म्हणतो दुसरी खिडकी. पण भिंतच उभी नाही, तर खिडकी मोजायची कशी? १९८०च्या दशकाअखेरपासून जॉर्जियाची माणसं येत होती, शोधत होती. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाने ढिगारे उपसले, पायाच्या रेषा मोकळ्या केल्या, मठाचा आराखडा जमिनीवर उभा केला, तेव्हा कुठे तो कागद वाचता आला. २००४ च्या सुमारास एक लांब हाड आणि पेटीचे भाग मिळाले. हैदराबादच्या सीसीएमबी या जीवशास्त्र संशोधन संस्थेत त्याचा डीएनए तपासला. आईकडून येणारा यू-१-बी नावाचा गट निघाला. भारतातल्या बावीस हजारांहून अधिक नमुन्यांत तो एकातही नव्हता, तपासलेल्या तीस जॉर्जियन माणसांत दोघांकडे सापडला. तिथलीच आणखी दोन हाडं मात्र भारतीय गटांतली निघाली. अभ्यासकांनी आपल्या निबंधाच्या नावातच "बहुधा" हा शब्द ठेवला. त्या एका शब्दासाठी मला त्यांच्याबद्दल फार आदर आहे.

२०२१ च्या जुलैत ते अवशेष तिबिलिसीला सन्मानाने सुपूर्द झाले. मी बातमी बघत होतो. विमानतळावर घंटानाद, रडणारी माणसं. आमच्या गावच्या ढिगाऱ्यात चारशे वर्षं कुणाची तरी राणी होती.

---

दशांश

ताई, चिलमीच्या भोकांवर एक शंका. तीस-तीस वर्षांचे टप्पे फार ढोबळ वाटतात. सरासरी काढून सरळ रेषेचं समीकरण मांडता येणार नाही का?

---

ओसरी

मांडलंय की! पुरातत्त्वज्ञ लुईस बिनफर्ड यांनी १९६२च्या सुमारास. वर्ष = १९३१.८५ वजा (३८.२६ गुणिले भोकाची सरासरी). माझ्या पहिल्या चाळीस तुकड्यांची सरासरी ५.६ आली होती, करून बघा, १७१७-१८ येतं. त्या जागेवरच्या भांड्यांवरून मिळालेला काळही तिथेच जवळपास होता.

पण दोन पथ्यं. तुकडे मूठभर असतील तर उत्तराला अर्थ नाही. आणि १७८०च्या आसपास समीकरण कोलमडतं, कारण त्यानंतर भोकं आणखी आकसेनात. शिवाय सरासरी म्हणजे वस्तीचा मध्य. ज्या घरात लोक १६८० ते १७६० राहिले, तिथेही १७२० च्या आसपासचा आकडा येईल आणि तो तेवढाच खरा दिसेल. म्हणून आम्ही थर वेगळे ठेवतो, पिशव्या वेगळ्या ठेवतो. "वरचा थर" असं एकच पोतं कधीच नाही, खापर सर.

---

कातळपायरी

हा धागा वाचून चार दिवस अस्वस्थ आहे.

आम्ही काही मित्र दर पावसाळ्यानंतर एका गडावर श्रमदानाला जायचो. दोन वर्षांपूर्वी एक बुजलेलं टाकं उपसलं. कमरेइतका गाळ. घमेल्यांची साखळी लावली, संध्याकाळपर्यंत तळ दिसला, पाणी लागलं तेव्हा जयजयकार झाला. गाळात खापरं होती, गंजलेलं लोखंड होतं, एक जात्याची तळी होती, दोन हाडं. जात्याची तळी आम्ही दारापाशी मांडली. बाकी सगळा गाळ कड्यावरून खाली लोटला. मनात फक्त प्रेम होतं हो. पण आता कळतंय, त्या गाळातच किल्ल्यावरची शेवटची माणसं काय जेवत होती ते लिहिलेलं होतं, आणि ते आम्हीच खाली लोटलं.

---

खापर

कातळपायरी, तुम्ही हे मोकळेपणाने लिहिलंत याबद्दल आभार. टाक्याचा गाळ फार मोलाचा. तो थराथराने साठतो, तळाशी जुना, वर नवा. त्यात बिया टिकतात, माशांचे काटे टिकतात, धान्याची फोलं टिकतात.

पुढच्या वेळेसाठी. गड संरक्षित असेल तर परवानगीशिवाय खणूच नये, १९५८चा कायदा स्पष्ट आहे. जमिनीत दडलेलं दहा रुपयांहून जास्त किमतीचं काही सापडलं तर जिल्हाधिकाऱ्यांना कळवायचं, हा १८७८चा निखात निधीचा कायदा आजही लागू आहे. परवानगी मिळाली तरी बरोबर एखादा पुरातत्त्वाचा विद्यार्थी न्या. गाळ एकेका फुटाने काढा, प्रत्येक फुटाचा ढीग वेगळा, धान्याच्या चाळणीने चाळा. काम तिपटीने लांबेल. आणि वस्तू जागची हलवण्याआधी फोटो, बाजूला मापपट्टी. ते जातं दाराशी छान दिसतं, पण ते टाक्यात का पडलं होतं हा प्रश्न आता कुणीच विचारू शकत नाही.

---

घंटागाडी

मी नगरपालिकेत घनकचरा विभागात आहे. मला या विषयातला एकच माणूस माहीत आहे, विल्यम राथ्जी. अमेरिकेतल्या टूसॉन शहरात १९७३ पासून त्यांनी विद्यार्थ्यांना घेऊन लोकांचा ताजा कचरा खापरांसारखा वेगळा करून मोजला. लोक सांगायचे त्याहून कितीतरी जास्त बीअरचे डबे निघायचे. मांसाची टंचाई होती त्या वर्षी मांस वाया जाण्याचं प्रमाण उलट वाढलं होतं, कारण लोकांनी भीतीने साठा केला आणि तो सडला. नंतर त्यांनी मोठमोठे कचरा डेपो खणले, त्यात दशकांपूर्वीची वर्तमानपत्रं वाचता येण्याजोगी होती, कुजलीच नव्हती. हे वाचल्यापासून आमच्या डेपोकडे मी वेगळ्या नजरेने बघतो. माणूस सांगतो एक, बादली सांगते दुसरं, आणि मला दोन्ही रोज दिसतात.

---

ओसरी

किती सुंदर प्रतिसाद. एक राहिलं होतं. न्यू यॉर्कची फाइव्ह पॉइंट्स वस्ती १८४२ मध्ये चार्ल्स डिकन्सने पाहिली आणि किळसवाणी म्हणून वर्णिली. १९९१ मध्ये तिथे न्यायालयाच्या इमारतीसाठी खणलं, तेव्हा संडासांच्या विहिरींतून चहाच्या कपबश्या, खेळणी, शिवणकामाच्या वस्तू निघाल्या. गरीब आयरिश घरं, पण पाहुण्याला चांगल्या कपातून चहा देणारी. सुमारे साडेआठ लाख वस्तू. त्या वर्ल्ड ट्रेड सेंटरच्या एका इमारतीच्या तळघरात ठेवल्या होत्या. ११ सप्टेंबर २००१ नंतर उरल्या अठरा, त्या प्रदर्शनासाठी दुसरीकडे नेलेल्या होत्या म्हणून. नोंदी आणि अहवाल मात्र शिल्लक आहेत. मोडीवाचक काका, इथे माती गेली आणि कागद टिकला. तुमच्या बाजूचं हेही सांगायला हवं होतं.

---

मोडीवाचक

तीन आठवड्यांनी लिहितोय. जाऊन आलो.

आमच्या घरच्या रुमालात एक जुना कागद आहे. आमच्या मूळ गावाशेजारची एक वाडी होळकरांच्या धामधुमीनंतरच्या दुष्काळात, म्हणजे १८०३-०४ मध्ये, ओस पडली असं त्यात आहे. कुळं परागंदा, सारा माफ. त्या वाडीची पांढर, म्हणजे जुन्या वस्तीचं मातीचं टेकाड, अजून आहे. घराच्या धाब्यावर घालायला लोक तिथली माती नेत आलेत, त्यामुळे निम्मं टेकाड खाल्लं गेलंय. लहानपणी मी शंभरदा त्यावरून गेलो असेन. खाली पाहिलं नव्हतं.

या वेळी कागदाची प्रत खिशात घेऊन गेलो. सकाळी ऊन तिरपं असताना, खापर सरांनी फोनवर सांगितलं तसं. तुटलेल्या कडेत राखेची एक पट्टी दिसते. काचेच्या बांगड्यांचे तुकडे, हिरवे आणि काळे. आणि टेकाडाच्या माथ्यावर, विलायती बशीचे पाच तुकडे, पांढऱ्यावर निळा छाप. काही उचललं नाही. शेजारी रुपयाचं नाणं ठेवून फोटो काढले, खापर सरांना पाठवले. ते म्हणतात, अशी छापाची बशी आपल्याकडच्या खेड्यात १८०३ च्या आधी येणं जवळजवळ अशक्य.

कागद म्हणतो वाडी ओस. मग ही बशी कुणाची?

---

ओसरी

काका! लगेच कुठल्याही उत्तरावर जाऊ नका. उकिरड्याचं खत शेतात जातं त्याबरोबर शेजारच्या गावातली खापरंही जातात. इथे आम्हाला हे फार छळतं. माथ्यावर कधी नांगर फिरला होता का, तेवढं विचारा. फिरला नसेल, तर मग सारा चुकवून राहिलेलं एखादं घर शोधावं लागेल.

---

मोडीवाचक

विचारलं. माथ्यावर म्हसोबाचा दगड आहे, तिथे नांगर कधीच लावत नाहीत. म्हसोबाला दरवर्षी नैवेद्य कुणाच्या घरून यायचा ते आता आमच्या नव्वद वर्षांच्या आत्याला विचारायला निघालोय. टेप घेतलाय.